पर्ल हार्बर का घडलं यावर वाद घालताना या चुका टाळा

पर्ल हार्बरचा विषय निघाला की दहा मिनिटांत दोन तट पडतात. एक जण म्हणतो अमेरिकेचे राष्ट्राध्यक्ष रूझवेल्टला सगळं आधीच माहीत होतं, दुसरा म्हणतो छे, काहीतरीच काय, अमेरिकन लोक झोपले होते झालं, आणि मग दोघंही शेवटपर्यंत तेच तेच बोलत राहतात. मी गेली बरीच वर्षं या विषयावर मिळेल ते वाचतोय, चौकशी समित्यांसमोरच्या साक्षीसुद्धा, आणि माझं असं मत झालंय की यातला बराचसा वाद पुराव्याचा नाहीचे, वाद घालायच्या पद्धतीचा आहे. पुरावे पुष्कळ आहेत, उलट जरा जास्तच आहेत. ७ डिसेंबर १९४१ च्या त्या रविवारी जपानने हवाई बेटांवरच्या पर्ल हार्बर या अमेरिकन आरमाराच्या तळावर अचानक हल्ला केला, त्यात २४०३ अमेरिकन माणसं मेली, त्यातली ११७७ एकट्या ॲरिझोना जहाजावरची, आणि एवढ्या माणसांच्या मरणाचं कारण शोधायचं तर ते नीट शोधावं एवढंच माझं म्हणणं. तर वाद कुठे कुठे अडकतो आणि तो सोडवायचा कसा ते सांगतो.

चार प्रश्न एकाच पोत्यात भरणं

सगळ्यात मोठी चूक ही. "पर्ल हार्बर का झालं" हा एक प्रश्न वाटतो पण त्याच्या पोटात निदान चार आहेत. जपानने युद्ध का पुकारलं? युद्ध करायचंच होतं तर पर्ल हार्बरवरच का आले? अमेरिका बेसावध का सापडली? आणि जबाबदार कोण? प्रत्येकाचे कागद वेगळे, प्रत्येकाचं उत्तर वेगळं. एक जण पहिल्याचं उत्तर देत असतो, समोरचा तिसऱ्याचं, आणि दोघांना वाटतं आपण एकमेकांना खोडून काढतोय.

पहिल्याचं उत्तर तेलापाशी जातं. जपान १९३७ पासून चीनमध्ये अडकलेला, त्याचं जवळपास ८० टक्के तेल अमेरिकेतून यायचं, जुलै १९४१ मध्ये जपानी सैन्य दक्षिण इंडोचायनात उतरलं आणि २६ जुलैला रूझवेल्टने अमेरिकेतला जपानी पैसा गोठवला. पैसाच गोठला म्हटल्यावर तेल घेणार कशाने? इथेही इतिहासकारांचं एकमत नाही बरं का, रूझवेल्टला तेल पूर्णच तोडायचं होतं की नुसता फास आवळून ठेवायचा होता आणि डीन ॲचिसनसारख्या खालच्या अधिकाऱ्यांनी तो घट्ट करून टाकला, यावर अजून वाद आहे. मग ऑक्टोबरात जपानमधलं कोनोएंचं सरकार पडलं, तोजो पंतप्रधान झाला, पुढचं माहीतच आहे.

पण एवढ्याने दुसऱ्या प्रश्नाचं उत्तर मिळत नाही आणि लोक नेमकं हेच विसरतात. जपानला तेल हवं होतं ते डच ईस्ट इंडीजमधलं, म्हणजे आजच्या इंडोनेशियातलं. तिथे जायला हवाई बेटं वाटेत लागत नाहीत, ती हजारो किलोमीटर पूर्वेला आहेत. पर्ल हार्बरची कल्पना जपानी आरमाराचा सेनापती यामामोतोची, त्याला भीती होती की आपण दक्षिणेला गेलो की हवाईतलं अमेरिकन आरमार बाजूने अंगावर येईल. टोकियोतल्या नौदल मुख्यालयाचा या योजनेला विरोध होता, फार मोठा जुगार आहे म्हणून, आणि यामामोतोने राजीनाम्याची धमकी दिली तेव्हा कुठे ती मंजूर झाली. म्हणजे बघा, तो माणूस हटून बसला नसता तर युद्ध बहुतेक झालंच असतं, पण पर्ल हार्बर झालं असतं का? तेल हे युद्धाचं कारण आहे, त्या सकाळचं कारण सांगायला ते पुरत नाही.

त्यामुळे वाद अडकला की आधी समोरच्याला विचारा, बाबा तू चारातल्या कुठल्या प्रश्नावर बोलतोयस? बऱ्याचदा तिथेच गाठ सुटते.

आज माहीत आहे म्हणून तेव्हाही दिसायला हवं होतं असं धरणं

एक उदाहरण जरा जवळून बघू. २४ सप्टेंबर १९४१ ला टोकियोहून होनोलुलूच्या जपानी वकिलातीला एक मेसेज गेला, पर्ल हार्बरच्या पाण्याचे पाच भाग पाडा आणि कुठल्या भागात कुठली जहाजं उभी आहेत ते कळवत जा. अमेरिकनांनी तो पकडला आणि ९ ऑक्टोबरला त्याचा अनुवाद तयार होता. आज वाचताना अंगावर काटा येतो, हा तर सरळ बॉम्ब टाकायचा नकाशा, कुणाला कसं कळलं नाही?

पण त्या महिन्यांत मनिला, पनामा आणि अमेरिकेच्या पश्चिम किनाऱ्यावरच्या बंदरांतल्या जहाजांबद्दलही टोकियो विचारत होतं. वॉशिंग्टनमधल्या अधिकाऱ्यांनी अर्थ लावला की जपानी नेहमीसारखे बारकाईने माहिती घेतायत आणि मेसेज छोटे करायला ही युक्ती काढलीये. रोबर्टा वोलस्टेटर या अमेरिकन अभ्यासिकेने १९६२ मध्ये हाच मुद्दा मांडला, की खरे इशारे होते, पण ते खोट्या आणि बिनकामाच्या खुणांच्या गोंगाटात बुडालेले होते, हल्ला झाल्यावर गोंगाट आपोआप गळून पडतो आणि उरतात फक्त खऱ्या खुणा, म्हणून आपल्याला वाटतं सगळं किती उघड होतं.

मला हा मुद्दा पटतो, पण त्याच्यामागे लपायचंही नाही. कारण दुसरी बाजू म्हणते, आणि बरोबर म्हणते, की चौकशी सगळ्या बंदरांची होती पण पाण्याचे असे भाग पाडायला फक्त पर्ल हार्बरमध्येच सांगितलेलं. शिवाय हा मेसेज हवाईतल्या कमांडरांना, आरमाराचे ॲडमिरल किमेल आणि लष्कराचे जनरल शॉर्ट यांना, कधी दाखवलाच नाही. ज्याच्या घरावर पाळत होती त्यालाच सांगितलं नाही! किमेलने पुढे साक्षीत हेच धरून ठेवलं. गोंगाट होता हे खरं, पण गोंगाटातून खूण वेगळी काढू शकणारा माणूस बाहेर ठेवला गेला हेही खरं, दोन्ही एकाच वेळी खरं असू शकतं.

तारीख एकच लिहून मोकळं होणं

यावर उपाय सोपा आहे आणि मी स्वतः करतो. कुठलाही मेसेज पुरावा म्हणून समोर आला की त्याच्यापुढे तीन तारखा लिहायच्या. पाठवला कधी, उकलला कधी, आणि ज्याला निर्णय घ्यायचा होता त्याच्या हातात पडला कधी. ६ डिसेंबरला होनोलुलूच्या वकिलातीने टोकियोला कळवलं की बंदरावर विमानांना अडवणारे संरक्षक बलून दिसत नाहीत आणि अचानक हल्ला करायला अजून चांगली संधी आहे. हा मेसेज पकडला गेला होता, हल्ल्याच्या आदल्या दिवशीचा, म्हणजे झालं की सिद्ध, माहीत होतं! पण त्याचा अनुवाद झाला ८ डिसेंबरला. पहिलीच तारीख बघितली तर कट दिसतो, दुसरी बघितली की दिसतं की कामाचा ढीग पडलाय, माणसं कमी आहेत आणि सगळं लक्ष टोकियो आणि वॉशिंग्टनच्या राजनैतिक मेसेजकडे आहे, वकिलातीचे मेसेज मागे पडतायत.

माझ्या अनुभवात कटाच्या बाजूने दिली जाणारी निम्मी उदाहरणं या तीन तारखांतच विरघळतात. सगळी नाही, पण निम्मी नक्की.

"कोड फोडला होता" म्हणून थांबणं

कुठला कोड? हे विचारल्याशिवाय पुढे जाऊच नका. अमेरिकनांनी १९४० मध्ये फोडला तो 'पर्पल', जपानच्या परराष्ट्र खात्याचा, आणि त्यातून मिळणाऱ्या माहितीला नाव दिलेलं 'मॅजिक'. परराष्ट्र खात्याच्या मेसेजमध्ये पर्ल हार्बरच्या योजनेचा उल्लेखच नाही, कारण टोकियोने आपल्याच राजदूतांना ती सांगितली नव्हती. नोमुरा आणि कुरुसू वॉशिंग्टनमध्ये बोलणी करत बसलेले, त्यांनाही पत्ता नव्हता. आरमाराचा कोड वेगळा, ज्याला अमेरिकन जेएन-२५ म्हणायचे, आणि त्याची १९४१ च्या शेवटी वापरात असलेली आवृत्ती डिसेंबरपर्यंत थोडीशीच वाचता येत होती.

आता खरी गोम इथे आहे. युद्ध संपल्यावर १९४५-४६ मध्ये अमेरिकन नौदलाने १९४१ चे साठवलेले, न उकललेले मेसेज काढून बसून उकलले आणि त्यात हल्ल्याच्या तयारीचे दुवे सापडले. ते कागद पुढे खुले झाले, त्यावर वरती तारीख १९४१ ची, आणि काही लेखकांनी ते जणू तेव्हाच वाचले गेले होते असे वापरले. रूझवेल्टला आधीच माहीत होतं असं म्हणणाऱ्या रॉबर्ट स्टिनेटच्या मांडणीवर बाकीच्या इतिहासकारांनी घेतलेला एक मोठा आक्षेप याच जातीचा आहे. मेसेज पकडणं आणि मेसेज वाचणं यात चार वर्षांचं अंतर पडलेलं, ते गाळलं की इतिहास उलटा फिरतो.

आणि माहिती नसणं हीसुद्धा खूण असते, तीही बघा. १ डिसेंबरला जपानी आरमाराने आपली रेडिओवरची सांकेतिक नावं बदलली, महिन्याभरात दुसऱ्यांदा. किमेलचा गुप्तवार्ता अधिकारी एडविन लेटनने दुसऱ्या दिवशी सांगितलं की विमानवाहू जहाजांचा ठावठिकाणा लागत नाहीये. किमेलने विचारलं, म्हणजे ती डायमंड हेडला वळसा घालून येत असली तरी तुला कळणार नाही? डायमंड हेड म्हणजे होनोलुलूच्या शेजारचाच डोंगर. लेटन म्हणाला, त्याआधी दिसतील अशी आशा आहे. माझ्या मते ॲडमिरल किमेलवरची सगळी चर्चा या दोन वाक्यांपासून सुरू व्हायला हवी, कारण शंका त्याच्या तोंडात आली होती, ती हुकमापर्यंत का पोचली नाही हा प्रश्न आहे.

घड्याळ न बघणं

हे लहान वाटतं पण यात भलेभले फसतात. हवाईची वेळ तेव्हा वॉशिंग्टनच्या साडेपाच तास मागे होती, आज हिवाळ्यात असते तशी पाच नाही. जपानमध्ये तेव्हा ८ डिसेंबरची पहाट, म्हणून जपानी कागदांत हल्ल्याची तारीख ८ आहे. जपानने वॉशिंग्टनमधल्या बोलण्यांवरचं आपलं शेवटचं उत्तर अमेरिकेला दुपारी १ वाजता द्यायला आपल्या राजदूतांना सांगितलेलं, म्हणजे हवाईत सकाळचे साडेसात, हल्ल्याच्या जेमतेम अर्धा तास आधी. अर्ध्या तासाचा हिशेब आजच्या घड्याळाने केला तर सगळंच चुकतं. घटनांचा क्रम लावताना सगळ्या वेळा एकाच घड्याळात आणा, मगच बोला.

एक माणूस धरून त्याच्यावर सगळं ढकलणं

रडारची गोष्ट सगळ्यांना माहीत असते. ओआहू बेटाच्या उत्तर टोकाला ओपाना इथे दोन तरुण सैनिक ड्युटी संपल्यावरही रडार चालू ठेवून बसले होते, ७ वाजून २ मिनिटांनी त्यांना उत्तरेकडे विमानांचा एवढा मोठा थवा दिसला की यंत्र बिघडलं की काय असं वाटलं, त्यांनी फोन केला, पलीकडच्या लेफ्टनंटने सांगितलं काळजी करू नका. झालं, सापडला गुन्हेगार.

पण त्या खोलीत जाऊन बघा. रविवारची सकाळ, केंद्रातली बाकीची मंडळी निघून गेलेली, तो अधिकारी या कामावर जेमतेम दुसऱ्यांदा आलेला, कॅलिफोर्नियाहून अमेरिकेचीच बी-१७ बॉम्बर विमानं साधारण त्याच बाजूने यायची होती आणि ती आलीही त्याच सकाळी. थवा किती मोठा आहे हे सैनिकांनी फोनवर सांगितलं नाही. आता समजा त्याने धोक्याचा इशारा दिला असता, तर पहिला बॉम्ब पडायला जेमतेम पाऊण तास होता. आणि विमानं? शॉर्टने घातपाताच्या भीतीने ती मैदानात पंखाला पंख लावून उभी केलेली, राखण करायला सोपं जावं म्हणून.

तसंच वॉर्ड या विनाशिकेचं. तिने पावणेसातच्या सुमाराला बंदराच्या तोंडाशी एक छोटी जपानी पाणबुडी बुडवली, रेडिओवर कळवलंसुद्धा, पण निरोप पायऱ्या चढत चढत, खात्री करा खात्री करा करत वर पोचेपर्यंत विमानं डोक्यावर आली. नौदलाने हे लष्कराला सांगितलं नाही, लष्कराने रडारचं नौदलाला सांगितलं नाही. वॉर्डच्या दाव्यावर पुढे कित्येक वर्षं शंका घेतली गेली, शेवटी २००२ मध्ये ती पाणबुडी समुद्राच्या तळाशी सापडली आणि तिच्या मनोऱ्याला गोळ्याचं भोक होतं. एकसष्ट वर्षांनी त्या खलाशांचं म्हणणं खरं ठरलं, मला हे फार महत्त्वाचं वाटतं, साठ वर्षं जुन्या वादातही नवा पुरावा येऊ शकतो.

इशाऱ्याचा मजकूर न वाचता इशारा होता म्हणणं

२७ नोव्हेंबरला वॉशिंग्टनने किमेलला पाठवलेल्या मेसेजची सुरुवातच अशी होती की हा युद्धाचा इशारा समजावा. किमेलच्या विरोधातले लोक इथेच थांबतात. पुढे वाचा ना, त्यात संभाव्य ठिकाणं दिलीयेत, फिलिपिन्स, थायलंड किंवा क्रा द्वीपकल्प, कदाचित बोर्निओ. हवाईचं नाव नाही. शॉर्टला गेलेला लष्कराचा मेसेज वेगळा, त्यावर त्याने उत्तर पाठवलं की घातपात टाळायची तयारी केलीये, म्हणजे त्याने इशारा चुकीचा समजून घेतला हे त्याच्या उत्तरातच दिसत होतं, आणि वॉशिंग्टनमध्ये कुणीही उलट कळवलं नाही की अहो एवढंच नाही. चूक शॉर्टची आहेच, पण ती दहा दिवस वॉशिंग्टनच्या टेबलावर उघडी पडून होती.

चौकशांचे निकालही असेच अर्धवट सांगितले जातात. जानेवारी १९४२ च्या रॉबर्ट्स आयोगाने किमेल आणि शॉर्टवर कर्तव्यात कसूर असा ठपका ठेवला. १९४६ मध्ये संसदेच्या संयुक्त समितीच्या बहुमताने म्हटलं की निर्णयाच्या चुका होत्या, कर्तव्यात कसूर नाही. १९९५ मध्ये संरक्षण खात्याच्या फेरतपासणीत दोष आणखीही लोकांचा होता असं आलं, आणि १९९९ मध्ये सिनेटने ५२ विरुद्ध ४७ मतांनी दोघांची पदं परत द्यावीत अशी शिफारस केली, जी कुठल्याच राष्ट्राध्यक्षाने अंमलात आणली नाही. यातला आपल्या सोयीचा एक निकाल उचलायचा आणि बाकीचे दाबायचे, हे दोन्ही बाजू करतात. आणि शिक्षा कुणाला व्हावी हे ठरवणं वेगळं, कारण शोधणं वेगळं.

कटाची बाजू एका वाक्यावर उभी करणं, किंवा न ऐकता उडवून लावणं

युद्धमंत्री स्टिम्सनच्या २५ नोव्हेंबरच्या डायरीत लिहिलंय की जपानने पहिली गोळी झाडावी अशा जागी त्यांना कसं आणायचं, आपल्याला फार धोका न होता, हा प्रश्न होता. हे वाक्य खरं आहे, लपवायचं कारण नाही. पण शेवटचा तुकडा गाळू नका, फार धोका न होता. आणि त्या बैठकीत सगळ्यांच्या डोळ्यांसमोर होता तो आग्नेय आशिया.

कटाची बाजू तपासायची तर मी एक साधी गोष्ट करतो, त्या कटाला काय काय लागलं असतं ते मोजतो. युद्धात शिरायला जपानचा हल्ला पुरेसा होता, आरमार बुडायची काय गरज? सावध आरमाराने जपानी विमानं पाडली असती तरी युद्ध सुरू झालंच असतं. विमानवाहू जहाजं मुद्दाम बाहेर काढली म्हणावं तर एंटरप्राइज ६ डिसेंबरलाच परत यायचं होतं, खराब हवेमुळे उशीर झाला. आणि रूझवेल्टला खरं तर हिटलरशी लढायचं होतं असं म्हणतात, मग जपानच्या हल्ल्याने जर्मनी आपोआप कसा येणार होता? जपानने हल्ला केला तर साथ द्यायलाच हवी असं जर्मनी, इटली आणि जपानच्या त्रिपक्षीय करारात नव्हतं, ११ डिसेंबरला हिटलरने स्वतःहून युद्ध पुकारलं.

पण म्हणून रूझवेल्टवर टीका करणाऱ्या चार्ल्स बिअर्डसारख्या इतिहासकाराला वेड्यात काढू नका. १९४८ मध्ये त्याने विचारलेला मूळ प्रश्न, की राष्ट्राध्यक्ष जनतेला आणि संसदेला न सांगता देशाला युद्धाच्या किती जवळ नेऊ शकतो, हा अतिशय योग्य प्रश्न होता आणि त्याचं उत्तर कट नव्हता म्हटल्याने मिळत नाही.

हल्ला करणाऱ्याला विसरणं

आणि ही चूक मला सगळ्यात जास्त टोचते. पन्नास पानं वॉशिंग्टनवर आणि दोन पानं जपान्यांवर, असं किती ठिकाणी दिसतं. बेसावधपणा अमेरिकनांचा खरा, पण अचानकपणा जपान्यांनी घडवला, घाम गाळून. पर्ल हार्बर साधारण १२ मीटर खोल, विमानातून टाकलेला टॉर्पेडो तोवर पाण्यात खूप खोल जायचा आणि इथे चिखलात रुतला असता. अमेरिकन नौदलाचा १९४१ च्या सुरुवातीचा अंदाज होता की निदान २३ मीटर खोली लागते, म्हणून जहाजांभोवती जाळी लावली नाही. खरं तर नोव्हेंबर १९४० मध्ये इंग्रजांनी टारांटोच्या उथळ बंदरात इटलीची जहाजं टॉर्पेडोने फोडलेली, आणि जून १९४१ मध्ये वॉशिंग्टनने आपलं मत बदललं असं पत्रही पाठवलं, पण तोवर पहिलं मत डोक्यात बसलेलं. जपान्यांनी टॉर्पेडोच्या शेपटीला लाकडी पंख बसवले आणि कागोशिमाच्या खाडीत महिनोन् महिने खालून उडायचा सराव केला. सहा विमानवाहू जहाजं, ३५० च्या वर विमानं, हितोकाप्पूच्या थंड उपसागरातून निघून उत्तरेच्या खवळलेल्या समुद्रातून, वाटेत भर समुद्रात तेल भरत. जपानी हे करूच शकणार नाहीत असं मानणारे अमेरिकन अधिकारी होते आणि त्यात वंशावरून तुच्छ लेखण्याचा भाग होता, तो कारणांच्या यादीत लिहायलाच हवा.

जपानी साक्षीही आंधळेपणाने घेऊ नका मात्र. हल्ल्याचं हवाई नेतृत्व करणाऱ्या फुचिदाने युद्धानंतर सांगितलं की आपण जहाजांच्या ताफ्याचा प्रमुख नागुमोकडे आणखी एका हल्ल्याचा आग्रह धरला होता, ते वर्षानुवर्षं सगळ्यांनी छापलं, आणि आता बऱ्याच इतिहासकारांना ते पुढे रचलेलं वाटतं.

जपानच्या त्या शेवटच्या उत्तराचंही तसंच आहे. ते दुपारी १ ऐवजी २ वाजून २० मिनिटांनी हातात पडलं, हल्ला सुरू होऊन तास होत आला होता. जुनं स्पष्टीकरण असं की वॉशिंग्टनच्या वकिलातीत टाइपिंगला उशीर झाला, एक अधिकारी दोन बोटांनी टाइप करत होता वगैरे. नंतर जपानच्या परराष्ट्र खात्याचे कागद बघणाऱ्या जपानी संशोधकांनीच म्हटलं की उशीर टोकियोतूनच घडवला गेला असावा. आणि मुळात त्या चौदा भागांच्या उत्तरात युद्ध पुकारल्याचा शब्दच नाही, बोलणी पुढे चालवण्यात अर्थ नाही एवढंच आहे, म्हणजे ते वेळेवर दिलं असतं तरी त्याला इशारा म्हणायचं का, इथून तो वाद पुन्हा सुरू होतो.